माजघरातील नटी

संस्कृत नाट्यशास्त्रात 'पताका' आणि 'प्रकरी' अशा दोन संज्ञा आहेत. मुख्य कथानकाच्या सोबतीने दूरवर चालत जाणारे उपकथानक ती पताका, आणि क्षणभर डोकावून नाहीसे होणारे ती प्रकरी. रामकथेतील सुग्रीवाचा वृत्तांत ही पताका, शबरीचा वृत्तांत ही प्रकरी, असे उदाहरण देण्याची चाल आहे. विश्वनाथ कविराजाने 'साहित्यदर्पणा'त यापुढे जाऊन एक कठोर नियम सांगितला आहे. पताकेच्या नायकाला मुख्य कार्याहून निराळे असे स्वतःचे फळ नसते, असा तो नियम. सुग्रीवाला राज्य मिळाले हे खरे. पण तेही रामकार्याच्या ओघात. हा नियम आम्ही विद्यार्थिदशेत घोकला होता. त्यात केवढे दुःख साठले आहे, हे मात्र आम्हांस पुढे एका नटीच्या कामावरून कळले. तिचे नाव उत्तरा बावकर.

हे नाव वाचून पुष्कळ वाचक थबकतील आणि ही कोण, असे शेजारी बसलेल्यास विचारतील. 'उडान' मालिकेतील कल्याणीची आई म्हटले, 'एक दिन अचानक'मधील प्राध्यापकाची बायको म्हटले, किंवा 'दोघी'तील आई म्हटले, म्हणजे लगेच चेहरा डोळ्यांपुढे येईल. आई, बायको, आजी! कोणाची तरी कोणीतरी, याच नात्याने ही बाई लोकांच्या लक्षात राहिली. एप्रिल २०२३ मध्ये, वयाच्या ७९ व्या वर्षी पुण्यास त्यांचे देहावसान झाले. त्यांच्याविषयी चार शब्द लिहावेत असे तेव्हापासून आमच्या मनात होते.

उत्तराबाई दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयाच्या विद्यार्थिनी. हे विद्यालय १९५९ मध्ये स्थापन झाले, आणि १९६२ पासून पुढील पंधरा वर्षे इब्राहिम अल्काझी हे त्याचे सूत्रधार होते. अल्काझींची शिस्त कडक. नटाने झाडू मारण्यापासून ग्रीक शोकांतिकेपर्यंत सर्व काही शिकले पाहिजे, असा त्यांचा आग्रह असे. त्यांच्या हाताखाली शिकून उत्तराबाई १९६८ मध्ये बाहेर पडल्या आणि विद्यालयाच्या नाटकमंडळीतच काम करू लागल्या. विराटाच्या उत्तरेला बृहन्नडेने नृत्य शिकविले, या उत्तरेला अल्काझींनी नाट्य शिकविले. आमच्या केमच्या ग्रामदैवताचे नावही उत्तरेश्वर. परंतु अशी नामसाम्ये शोधीत बसणे हा संस्कृत शिकलेल्यांचा जुना रोग आहे, तेव्हा ते राहू द्यावे.

रंगभूमीवर मात्र त्या नेहमीच मागे उभ्या नव्हत्या, हे आवर्जून सांगितले पाहिजे. 'ऑथेल्लो'तील डेस्डेमोना त्यांनी केली, 'मेना गुर्जरी'तील मेना केली, 'उमराव जान' नाटकात तर त्या नायिकाच होत्या. गिरीश कार्नाडांच्या 'तुघलक'मध्ये त्यांनी सुलतानाच्या सावत्र आईचे काम केले. हे काम फार अवघड. सावत्र मुलावर जीव टाकणारी, त्याच्यासाठी खून करवून बसलेली, आणि त्याच मुलाच्या आज्ञेने मृत्युदंड पावणारी ही बाई. जयवंत दळवी यांचे 'संध्याछाया' हे आपल्याकडील घराघरांत ठाऊक असलेले नाटक. मुले दूर गेल्यावर मागे उरलेल्या म्हाताऱ्या जोडप्याचे. ते १९७८ मध्ये त्यांनी हिंदीत स्वतः बसविले. १९८४ मध्ये त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला, तोही हिंदी रंगभूमीवरील अभिनयासाठी. घरची मराठी बाई, आणि तिचा गौरव प्रथम हिंदीने केला! महाराष्ट्राने हे ध्यानात घ्यावयास हवे होते. आम्ही मराठी लोक आपल्या रंगभूमीचा अभिमान इतका बाळगतो, की दिल्लीस आपली एखादी लेक काय करते आहे याची वार्ता आपल्या कानी उशिरा येते.

पण नाटकाचे दुर्दैव असे, की पडदा पडला म्हणजे सर्व संपले. ती डेस्डेमोना आम्ही पाहिली नाही आणि आता कोणासही पाहता यावयाची नाही. आमच्यासारख्या खेड्यातल्या माणसांस उत्तराबाई भेटल्या त्या दूरदर्शनच्या कृपेने.

१९८८ च्या आरंभी भीष्म साहनींच्या कादंबरीवरून गोविंद निहलानी यांनी केलेली 'तमस' ही मालिका दाखविली गेली. फाळणीच्या वेळच्या कत्तलीची ती कथा. तिचे प्रक्षेपण थांबवावे म्हणून न्यायालयात दाद मागण्यात आली होती. मुंबईच्या उच्च न्यायालयाने आणि मागाहून सर्वोच्च न्यायालयाने ती मागणी फेटाळली. त्या मालिकेत उत्तराबाई जसबीर झाल्या होत्या. गुरुद्वारात अडकलेल्या शीख स्त्रिया अब्रू वाचविण्यासाठी विहिरीत उड्या घेतात, आणि त्यांच्या पुढे चालते ती जसबीर. त्या काळी सर्व आळी एकाच घरी दूरदर्शनसंचापुढे जमे. तो प्रसंग संपला तेव्हा आमच्या ओसरीवर कोणी हालले नाही. जसबीरच्या चेहऱ्यावर वीरश्री नव्हती, हे आम्हांस विशेष वाटले. चित्तोडच्या जोहाराची वर्णने वाचून आपण अशा प्रसंगी डोळ्यांत तेज वगैरे अपेक्षितो. येथे घरातील काम संपवून निघालेल्या बाईचा चेहरा होता, आणि म्हणूनच तो पाहवेना.

'तमस'ने नाव झाले. नाव झाले म्हणजे पुढे मोठमोठ्या भूमिका मिळतात, असा लोकांचा समज असतो. उत्तराबाईंना मिळाल्या त्या आयांच्या भूमिका. मुंबईच्या बाजारी चित्रपटाला पंचेचाळिशीच्या स्त्रीचे करावयाचे काय, हे ठाऊकच नसते. तो तिला देवापुढे उभी करतो, नाहीतर खाटेवर निजवितो. उत्तराबाईंचे भाग्य एवढेच, की त्या काळी थोड्या पैशात, स्वतःच्या हिमतीवर चित्रपट काढणारी काही माणसे कलकत्त्यास, मुंबईस आणि पुण्यास होती, आणि त्यांना अशा चेहऱ्याची गरज होती.

त्यांपैकी एक मृणाल सेन. त्यांच्या 'एक दिन अचानक' या चित्रपटाची कथा एका ओळीत सांगता येते. कलकत्त्यातील एक प्राध्यापक एका पावसाळी संध्याकाळी घराबाहेर पडतो आणि परत येत नाही. श्रीराम लागू प्राध्यापक, शबाना आझमी थोरली मुलगी, उत्तराबाई पत्नी. वर्ष जाते. मुले बापाची कागदपत्रे चाळतात, तो खरोखर विद्वान होता की सामान्य होता याचा उलगडा करू पाहतात. तो कोठे गेला हे चित्रपट शेवटपर्यंत सांगत नाही. या कामासाठी उत्तराबाईंना १९८८ या वर्षाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले, सहाय्यक अभिनेत्रीचे. ('सहाय्यक' हा शब्द आम्हांस चांगला परिचयाचा आहे. आम्ही जन्मभर असिस्टंट मास्तर होतो.)

हा चित्रपट पुढे दूरदर्शनवर लागला तेव्हा आमच्या घरी जे घडले ते सांगितल्यावाचून त्या कामाची किंमत कळणार नाही. त्यासाठी थोडे आमच्या गावाविषयी आणि घराविषयी लिहिणे प्राप्त आहे.

आमचे केम हे करमाळा तालुक्यातील, जेऊर आणि कुर्डुवाडी यांच्या दरम्यानचे, रेल्वेचे ठाणे असलेले गाव. ते प्रसिद्ध आहे कुंकवासाठी. हळदीला क्षाराचा संस्कार मिळाला म्हणजे तिचा पिवळेपणा जाऊन लाली येते, ही गोष्ट लहान मुलांनादेखील आमच्याकडे ठाऊक असते. कुंकू येथे पोत्यांनी भरले जाते, तराजूत घातले जाते. बाहेर जे सौभाग्याचे लेणे ते आमच्या गावी मालाची जिन्नस. अशा गावात आमच्या धाकट्या काकू एकोणीस वर्षांच्या असताना लग्न होऊन आल्या.

काका १९६२ च्या मार्गशीर्षात बार्शीस सोयरिकीच्या कामासाठी जातो म्हणून गाडीत बसले. कुर्डुवाडीस गाडी बदलताना गावच्या एका गृहस्थाने त्यांना पाहिले. त्यानंतर कोणीही पाहिले नाही. भांडण झाले नव्हते, कर्ज नव्हते, वैराग्याची लक्षणे नव्हती. शोध पुष्कळ झाला. पंढरपूर, गाणगापूर, काशी, जेथे जेथे मनुष्य नाहीसा होऊ शकतो तेथे तेथे वडील मंडळी जाऊन आली. पुराव्याच्या १८७२ च्या कायद्यात सात वर्षांची मुदत होती. २०२४ पासून आलेल्या नव्या कायद्यानेही तीच ठेविली आहे. धर्मशास्त्र अधिक उदार, ते बारा वर्षे वाट पाहावयास सांगते. बारा वर्षे भरली तेव्हा घरात विचार निघाला, की दर्भपलाशांची प्रतिमा करून क्रिया उरकावी. काकूंनी तेव्हा एकच वाक्य उच्चारले. "माझ्या कपाळाचा निकाल कुर्डुवाडीच्या स्टेशनवर नका लावू." तो विषय पुन्हा निघाला नाही. काकू कुंकू लावीत राहिल्या. चैत्रात हळदीकुंकवास कोणी त्यांना बोलावीत, कोणी विसरत. विसरण्यास सबब कोणासही सहज सापडे.

त्या रात्री चित्रपट संपला आणि पुरुषमंडळींत वाद सुरू झाला. प्राध्यापक गेला कोठे? आमचे थोरले बंधू म्हणाले, संन्यास घेतला असेल. पुतण्या म्हणाला, जीव दिला. कोणी म्हणाले, दुसरी बाई असली पाहिजे. त्या विद्यार्थिनीचे पात्र उगाच का घातले आहे? काकू भिंतीला टेकून बसल्या होत्या. वादाला खळ पडला तेव्हा त्या म्हणाल्या, "तो कुठे का जाईना. दुसऱ्या दिवशी सकाळी ती आरशापुढे उभी राहिली असेल, तेव्हा तिनं काय केलं असेल, ते सांगा बरं मला कुणीतरी."

कोणी उत्तर दिले नाही. आमच्या कुटुंबाने उठून दिवा मोठा केला.

मृणालबाबूंनी हा प्रश्न चित्रपटात अशा शब्दांत कोठे विचारलेला नाही. तो काकूंनी उत्तराबाईंच्या चेहऱ्यावर वाचला. मुलांना बापाची प्रतिष्ठा उलगडावयाची आहे, पाहुण्यांना कुतूहल शमवावयाचे आहे. या बाईला नुसते जेवणाचे ताट वाढावयाचे की नाही, एवढाच प्रश्न रोज पडतो. भरताने आठ सात्त्विक भाव सांगितले आहेत, त्यांत पहिला 'स्तंभ', म्हणजे जागच्या जागी ताठरून जाणे. अश्रू फार पुढे येतात. उत्तराबाई पहिल्या भावावरच थांबत. अश्रूंपर्यंत जाण्याची त्यांना घाई नसे. वाक्य संपले तरी तोंड तसेच थोडे उघडे राहावे, हातातील वस्तू ठेवावयाची असून ठेवली जाऊ नये, अशा लहान गोष्टींवर त्या काम निभावून नेत. हे नाटकात शेवटच्या रांगेस दिसत नाही. कॅमेरा जवळ आला म्हणून दिसले. दिल्लीच्या रंगभूमीवर मोठ्या आवाजाची कामे करून आलेल्या नटीने हा लहान अभिनय साधावा, याचे आम्हांस अजून नवल वाटते.

विधवेची आणखी एक तऱ्हा त्यांनी गोविंद निहलानी यांच्याच 'रुक्मावती की हवेली'त, १९९१ मध्ये, दाखविली. स्पॅनिश नाटककार लोर्का याचे नाटक, हवेली राजस्थानातील. नवरा वारल्यावर रुक्मावती आपल्या मुलींना सुतकाच्या नावाखाली घरात कोंडून घालते. येथे उत्तराबाई मुख्य भूमिकेत आहेत, आणि सोबत ज्योती सुभाष यांच्यासारखी तोलामोलाची मराठी नटी आहे. ही रुक्मावती पाहून आमच्या कुटुंबास पूर्वीच्या पिढीतील एक सासूबाई आठवल्या. कोणत्या, ते येथे लिहिण्याचे धैर्य आम्हांस नाही. सोसणारी स्त्रीच पुढे सोसावयास लावणारी होते, हे आपण बोलून दाखवितो. ते होताना कसे दिसते हे त्या भूमिकेत पाहावयास मिळते.

मराठीने उत्तराबाईंना खऱ्या अर्थाने जवळ केले ते सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांनी. सुमित्राबाई मूळच्या समाजकार्याच्या अध्यापिका. झोपडपट्टीतील स्त्रियांचा अभ्यास करता करता, हे कागदावर मावत नाही म्हणून १९८५ मध्ये त्यांनी 'बाई' हा लघुपट काढला आणि मग चित्रपटच काढीत राहिल्या. त्यांचे २०२१ मध्ये निधन झाले. या दोघांचा पहिला मोठा चित्रपट 'दोघी', १९९५ चा. लग्नाच्या दिवशी वऱ्हाडाच्या गाडीला अपघात होऊन नवरदेव मरतो. मुलगी पांढऱ्या पायाची ठरते, बाप अंथरुणास खिळतो, घरात दाणा उरत नाही. मामा मुलीला मुंबईस नेतो. तेथून पैसे येऊ लागतात. ते कशाचे, हे आईला कळते आणि कळतही नाही. पुढे धाकटीच्या लग्नाला थोरली घरी येते, तेव्हा जिच्या पैशावर चूल पेटली तिलाच आई दृष्टीआड करू पाहते.

ही आई उत्तराबाईंनी केली आहे. आमच्या मते त्यांच्या पडद्यावरील कामांत हे सर्वांत श्रेष्ठ, पारितोषिक मिळालेल्या कामाहूनही. कारण येथे प्रेक्षकाची सहानुभूती मिळविण्याचा मार्गच लेखकाने बंद केला आहे. आई लेकीला विकते, असे म्हटले तर म्हणता येते. आई धाकटीला वाचविते, असेही म्हणता येते. उत्तराबाई दोहोंपैकी एकाही बाजूला झुकत नाहीत. पैसे हाती घेताना त्यांची नजर पैशावर नसते आणि देणाऱ्यावरही नसते. माढा-करमाळ्याच्या दुष्काळी पट्ट्यात राहणाऱ्या माणसास ती नजर ओळखीची आहे. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडण्याच्या कामावर आम्ही ती पाहिली आहे.

'वास्तुपुरुष' २००२ चा. हा चित्रपट या मासिकाच्या वाचकांनी अगत्याने पाहण्याजोगा आहे. कूळकायद्याने जमीन गेलेल्या एका देशपांडे कुटुंबाचा पडका वाडा; पुरलेले धन सापडेल म्हणून जमीन उकरीत बसलेला चुलता; आणि मुलाने डॉक्टर होऊन गोरगरिबांची सेवा केली पाहिजे, तरच पूर्वजांचे देणे फिटेल, असा ध्यास घेतलेली आई सरस्वती. उत्तम मराठी चित्रपटाचे राष्ट्रीय पारितोषिक त्यास मिळाले. आपल्या समाजात गेलेल्या जमिनीचे रडगाणे तीन पिढ्या पुरले आहे; त्या जमिनीवर कोणाचे काय देणे होते, हे विचारणारी बाई वाड्याच्या माजघरात बसलेली असते, आणि तिचे ऐकतो तो तिचा एकटा मुलगा. भवभूतीने 'उत्तररामचरिता'च्या चौथ्या अंकात कौसल्येला आणली आणि लवाच्या चेहऱ्यात रामाचा चेहरा पाहावयास लाविली. शिकविणारे पंडित तो अंक भराभर पुढे नेतात, कारण सर्वांना सातव्या अंकाची घाई असते. आमची अशी समजूत आहे, की ती कौसल्या करावयास उत्तराबाईंसारखी नटी हवी.

पुढील कामांची यादी आम्ही देत बसत नाही. 'डोर'मधील राजस्थानी आजी, 'हा भारत माझा'मधील विक्रम गोखले यांच्यासोबतची मध्यमवर्गीय गृहिणी, 'संहिता', दूरदर्शनवरील किती तरी मालिका. त्यांतील काही कामे सामान्य आहेत. पोटासाठी केलेली असावीत, आणि त्यात लाजण्यासारखे काही नाही. इंग्लंडात अशा नटनट्यांची मोठी परंपरा आहे. नाटकात मुरलेल्या, चित्रपटांत लहान कामे करणाऱ्या, नाव कोणाच्या ध्यानात नाही पण चेहरा दिसला की घरचे माणूस भेटल्यासारखे वाटावे, अशा त्या स्त्रिया. तेथे त्यांच्या मरणानंतर वर्तमानपत्रे स्तंभ भरून लिहितात. आपल्याकडे वृत्त येते, छायाचित्र येते, आणि दुसऱ्या दिवशी त्या जागी दुसरे काही येते.

काकू २००४ मध्ये वारल्या. काकांचा ठावठिकाणा तोवरही लागला नव्हता. बायकांनी विचारले, मळवट भरावयाचा की नाही? आमच्या कुटुंबाने कोणास न विचारता डबी आणली आणि भरला. गावात दोन दिवस चर्चा झाली.

एप्रिल २०२३ मध्ये उत्तराबाई गेल्याचे वर्तमान छापून आले, तेव्हा आम्ही ते मोठ्याने वाचून दाखविले. घरातील सुना-नातवंडांस नाव ठाऊक नव्हते. कुटुंबाने चष्मा लावून छायाचित्र जवळ धरले, पुष्कळ वेळ पाहिले आणि म्हणाली, "अहो, ही तर काकूंची बाई!"